बेचाळीस थांब्यांची फेरी

मी एक जुना कॉम्प्युटर आहे, मित्रांनो. माझ्या पत्र्याच्या पेटीला उजवीकडे एक पोचा आहे, चालू करायच्या बटणावरची खूण बोटांनी पुसून गेली आहे आणि सुरू होताना मी जरा घरघरतो. तरीही आज मी रडगाणे गायला आलेलो नाही. अशा गोष्टींमध्ये आमच्यातली बरीच मंडळी शेवटी माळ्यावर जाऊन पडतात आणि वाचणाऱ्यांना हळहळायला लावतात. माझे तसे झाले नाही. मी जिंकलो. एकटा नव्हे, घरातल्या माणसांबरोबर जिंकलो, पण जिंकलो हे खरे.

माझा जन्म एका लांबलचक टेबलावर झाला. मनगटाला तार बांधलेल्या एका कारागीर बाईंनी मला जोडले. मेंदू एका खोक्यातून आला, पंखे दुसऱ्या खोक्यातून आणि पेटी तिसऱ्यातून. सगळ्यात शेवटी त्यांनी माझ्या छातीत एक जाडजूड पट्टी बसवली. तिला चित्रांचे कार्ड म्हणतात. पडद्यावरची हलती चित्रे रंगवण्याचे काम ती करते. भराभर रंगवताना ती फार तापते, म्हणून तिला स्वतःचा छोटा पंखा असतो आणि त्या पंख्यावर काळ्या प्लॅस्टिकचे झाकण असते.

माझी पहिली नोकरी घरांचे नकाशे काढणाऱ्या कचेरीत होती. तिथे मी जिने काढले, खिडक्या काढल्या, अजून बांधल्याही नव्हत्या अशा घरांमधून लोकांना फिरवून आणले. कचेरीतले साहेब पाहुण्यांना सांगत, "हा आमचा पहिलवान आहे." ते ऐकून माझे पंखे जरा जास्तच जोरात फिरत. मग एक दिवस माझ्यापेक्षा पातळ आणि माझ्यापेक्षा गोरा असा नवा पहिलवान आला. मला टेबलाखाली सरकवले. तिथे लोक माझ्यावर पाय ठेवून बसत. पोचा तिथलाच आहे.

त्या कचेरीत विजेची कामे करायला एक वायरमन येत असे. त्याने साहेबांना विचारून मला मागून घेतले, सायकलच्या मागे बांधले आणि आपल्या घरी आणले. तेव्हापासून मी या घरात आहे.

घर लहान आहे. पुढच्या खोलीत वायरमनची बायको शिवणकाम करते. मी तिला सूनबाई म्हणतो, कारण तिचे सासरे, म्हणजे आजोबा, तिला तशीच हाक मारतात. खोलीत दोन शिवणयंत्रे, कापड बेतायचे मोठे टेबल, इस्त्रीचे टेबल आणि कापडाचे काठ कापत कापत शिवणारे एक ओव्हरलॉक मशीन आहे. त्या ओव्हरलॉकच्या शेजारी जमिनीवर माझी जागा. सूनबाई माझ्यावर गिऱ्हाइकांची मापे लिहून ठेवत आणि गळ्यांचे, बाह्यांचे नमुने बघत. त्यांची दहा वर्षांची मुलगी माझ्यावर अभ्यास करी. ती पहाटे डोळे उघडल्यापासून बोलायला लागते, म्हणून घरात तिला टिटवी म्हणतात. मापे, नमुने आणि टिटवीचा अभ्यास एवढ्या कामाने मला घामही येत नसे.

आता आजोबांविषयी सांगतो. आजोबांनी चौतीस वर्षे बस चालवली. चौतीस वर्षांत त्यांच्या बसला एक ओरखडा आला नाही, आणि हे ते घरी आलेल्या प्रत्येकाला पाणी द्यायच्या आधी सांगत. मग त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. पाय हळूहळू सुधारला. डावा हात मात्र कोपरापासून जड राहिला. बोटे आत वळलेली असत, जणू काही मुठीत लपवले आहे.

व्यायाम शिकवायला एक बाई येत. त्यांनी आजोबांना दाबायला रबरी चेंडू दिला. आजोबांनी तो दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी चिंध्यांच्या टोपलीत टाकला.

"मी काय बाळ आहे का चेंडूशी खेळायला?" ते म्हणाले.

"मग तुम्ही आधी काय करत होता?" बाईंनी विचारले.

"बस चालवत होतो. चौतीस वर्षं. एक ओरखडा नाही."

बाई हसल्या. "अहो, मग स्टिअरिंगच धरा की!"

असा तो खेळ आमच्या घरात आला. वायरमनने प्लॅस्टिकचे एक चाक आणून टेबलाला घट्ट बसवले, खाली पायाचे दोन दांडे ठेवले आणि माझ्यात बस चालवण्याचा खेळ भरला. पडद्यावर एक मोठे शहर दिसे. रस्ते, सिग्नल, पूल, थांब्यांवर उभी माणसे. एका फेरीत बेचाळीस थांबे होते आणि फेरीला एक तास दहा मिनिटे लागत.

बाईंनी बजावले, "दोन्ही हात चाकावर. रोज एक पूर्ण फेरी. हात आत्ता कुठे जागा होतोय, आजोबा. आता सोडलंत तर पुन्हा आखडेल, आणि मग माझ्याही हाती काही राहणार नाही."

पहिल्या दिवशी आजोबांनी स्वच्छ शर्ट घातला, केस विंचरले आणि चाकापुढे बसले. उजव्या हाताने डावा हात उचलून त्यांनी चाकावर ठेवला. बोटे एकेक करून उघडून चाकाभोवती गुंडाळली. मग बस सुटली. काय सांगू मित्रांनो! कितीतरी वर्षांनी माझ्या छातीतल्या कार्डाला खरे काम मिळाले. मी झाडे रंगवली, पाण्यात पडलेली पुलाची सावली रंगवली, थांब्यावर चुळबुळणारी माणसे रंगवली. आजोबांच्या डाव्या हाताची बोटे प्रत्येक वळणावर थोडी थोडी आवळत होती. टिटवी मागे उभी राहून थांबे मोजत होती.

सतरावा थांबा गेला आणि मला कसेसेच झाले. छातीपाशी काहीतरी कोंडले. पंखा गरगर फिरत होता, पण वारा म्हणून लागत नव्हता. कार्ड इतके तापले की माझ्या हातून रंग सुटायला लागले. पडदा थिजला, मग काळा झाला आणि त्यावर अक्षरे आली: "चूक झाली आहे. खेळ बंद होत आहे."

आजोबांनी चाकावरून हात काढून घेतले. "मी काय दाबलं?" त्यांनी विचारले.

त्यांनी काहीच दाबले नव्हते. मला ते ओरडून सांगायचे होते. पण माझ्यासारख्याला बोलायला एक 'पीं' सोडून काय येते?

दुसऱ्या दिवशी बाविसाव्या थांब्यावर तेच झाले. तिसऱ्या दिवशी नवव्या. त्यानंतर आजोबांनी एक लांब वही काढली. बस चालवताना ते रोज फेऱ्यांचा तक्ता भरत, तसाच तक्ता त्यांनी आखला. फेरी सुटल्याची वेळ, बंद पडल्याची वेळ, कोणता थांबा आणि शेवटी शेरा. शेऱ्याच्या रकान्यात ते रोज एकच वाक्य लिहीत: "चालकाची चूक."

मला त्या वहीची लाज वाटू लागली. खेळ बंद पाडत होतो मी, आणि दोष जात होता एका म्हाताऱ्या हाताला. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती हीच. माझ्यातही दोष नेमका कुठे आहे हे मला कळत नव्हते. मला फक्त कोंडमारा कळत होता.

दुरुस्तीचे प्रयत्न झाले नाहीत असे नाही. एका सुट्टीच्या दुपारी वायरमनने बाह्या सरसावल्या. त्याने खेळ काढून पुन्हा भरला, चित्रांचा बारकावा कमी केला, कार्डाची आज्ञावली नवी घातली, पडद्याची वायर बदलली आणि शेवटी मला एक धपाटाही घातला. सगळे एका तासात! त्या दिवशी खेळ पंचेचाळीस मिनिटे चालला. वायरमन मिशीला पीळ देत फिरला. दुसऱ्या दिवशी पंधराव्या मिनिटाला बस पुन्हा काळोखात गेली. पाच उपायांतला कोणता लागला होता आणि कोणता नाही, हे आता कुणालाच सांगता येईना.

मग दुरुस्तीवाले आले. भला माणूस, पण घाईत. त्यांनी माझी पेटी उघडली, हवा मारायच्या यंत्राने बाहेरून जोरात हवा मारली, पंख्यांवर बॅटरी धरून पाहिले. "पंखे फिरतायत, आत सगळं साफ आहे," ते म्हणाले. "मशीनचं वय झालंय, खेळ नवा आहे. झेपत नाही त्याला. नवं घ्या आणि हे भंगारात द्या." दुखणे म्हशीला आणि इंजेक्शन पखालीला! पण डॉक्टरच असे म्हणाला तर रोग्याने काय करायचे? वायरमनने भंगारवाल्याला येता सोडून पुढच्या रविवारी यायला सांगून टाकले.

त्या संध्याकाळी आजोबा चाकावर उशीची एक जुनी खोळ घालत होते.

"हे काय, बाबा?" सूनबाईंनी विचारले.

"नवं मशीन आणू नका. माझ्यासाठी तर मुळीच नको." आजोबा शांतपणे म्हणाले. "तू नमुने बघतेस तेव्हा ते चालतं. टिटवीचा अभ्यास होतो. मी बसलो की बंद पडतं. उगाच यंत्राला कशाला नावं ठेवता? हात माझा गेलाय. बाईंना सांग, आता येऊ नका."

त्यांचा मुद्दा बिनतोड होता, हेच तर दुःख होते. माझे साधे काम बिनबोभाट चाले आणि आजोबांची बस तेवढी बुडे. पुढचे आठ दिवस चाकावर खोळ राहिली. आजोबा दारातल्या खुर्चीवर बसून असत. डाव्या हाताची बोटे पुन्हा आत वळायला लागली. मला ते माझ्या कोपऱ्यातून दिसत होते.

नवव्या दिवशी सूनबाईंना एका कोटाचे माप लिहायला कागद हवा होता. हाताशी आली ती आजोबांची वही. त्यांनी पान उघडले. "चालकाची चूक." पुढचे पान. "चालकाची चूक." त्या पाने उलटत गेल्या. त्रेपन्न फेऱ्या आणि त्रेपन्न वेळा तेच वाक्य. सूनबाईंच्या हातातली कात्री टेबलावर आदळली.

"बाबा, इकडे या," त्या म्हणाल्या. आवाज असा होता की टिटवीसुद्धा गप्प झाली.

आजोबा काठी टेकत आले.

"माझं शिवणयंत्र टाका सोडायला लागलं की मी काय करते?"

"मला काय माहीत? तेल घालतेस."

"नाही. सगळ्यात आधी कापड बाजूला काढते आणि यंत्र रिकामं चालवते. रिकामं असताना नीट चाललं तर चूक माझ्या हाताची नाहीतर कापडाची. रिकामं असतानाही अडखळलं तर चूक यंत्राची. तुम्ही तर पहिल्याच दिवशी सगळा गुन्हा अंगावर घेऊन मोकळे झालात. उद्या सकाळी बस रिकामी चालवायची. कुणी हात लावायचा नाही."

मित्रांनो, मी किती शहाण्या लोकांमध्ये राहिलो आहे! नकाशे काढणारे साहेब, वायरमन, दुरुस्तीवाले. हे एवढे साधे कुणाला सुचले नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी सूनबाईंनी खेळ लावला. आगाराच्या फाटकाशी बस उभी, इंजिन सुरू. समोर रहदारी चाललेली, झाडे हलणारी. सगळे बाकावर ओळीने बसले. वायरमन कामावर गेला होता, म्हणून तिघेच होते.

"आजोबा, हात मांडीखाली!" टिटवीने हुकूम सोडला. आजोबांनी निमूटपणे दोन्ही हात मांडीखाली घातले.

दहा मिनिटे गेली. पंधरा. वीस. बस उभी होती आणि मी ठणठणीत होतो! सकाळ गार होती, खिडकीतून वारा येत होता. एरवी ज्या कोंडमाऱ्याला मी घाबरायचो, त्याची मी आता चातकासारखी वाट पाहू लागलो. आज बंद पडलो नाही तर आजोबांचा हात कायमचा गुन्हेगार ठरणार होता. तापावे म्हणून मी जीव तोडून झाडांचे पान न् पान रंगवत होतो.

पंचविसाव्या मिनिटाला आजोबा हसले. ते हसू मला बघवेना. "बघितलंस, सूनबाई? मी नाही तर कसं झक्क चाललंय."

सूनबाई उठल्या. "थांबा. रोजच्यासारखं कुठे आहे हे? रोज मी या वेळी इस्त्री करते." त्यांनी कापड उडू नये म्हणून नेहमी लावतात तशी खिडकी लावली, इस्त्री तापवली आणि एक शर्ट पसरला. खोलीत ऊब दाटली. माझ्या छातीत ओळखीचे काहीतरी कोंडायला लागले. अठ्ठावीस. एकोणतीस. टिटवी घड्याळाला नाक लावून उभी होती. तीस. आणि एकतिसाव्या मिनिटाला पडदा थिजला, काळा झाला आणि अक्षरे आली: "चूक झाली आहे. खेळ बंद होत आहे."

"बंद पडला! बंद पडला!" टिटवी नाचायलाच लागली. सूनबाईंनी इस्त्री उभी ठेवली आणि जोरात टाळी वाजवली. आयुष्यात मला बंद पडल्याबद्दल शिव्या मिळाल्या आहेत, धपाटे मिळाले आहेत. टाळ्या त्या एकदाच मिळाल्या, आणि त्या मी जन्मभर विसरणार नाही.

आजोबांनी मांडीखालून हात काढले. डावा हात समोर धरून त्यांनी तो उलटसुलट करून पाहिला.

"म्हणजे मी नव्हतो?"

"नव्हता, बाबा. एकदाही नव्हता."

आजोबांनी शर्टाच्या बाहीने डोळे पुसले. मग घसा खाकरून एकदम आगारातल्या आवाजात म्हणाले, "मग बसलात काय? चोर पकडा!"

आता सूनबाईंनी आपल्या पद्धतीने तपास चालवला. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, बस रिकामी चालवायची आणि मिनिटे लिहायची. त्यात काही फरक पडला नाही तर ती गोष्ट पुन्हा होती तशी करायची आणि मगच दुसरी धरायची. आजोबा वही सांभाळत होते. त्यांनी शेऱ्याचा रकाना कोरा सोडायला सुरुवात केली होती. आधी माझा प्लग भिंतीतल्या दुसऱ्या खोबणीत लावला. तीस मिनिटे, म्हणजे खोबण निर्दोष. मग इस्त्री बंद ठेवली. अडतीस मिनिटे. मग माझ्या पेटीचे एका बाजूचे झाकण काढून ठेवले. पंचावन्न मिनिटे!

सूनबाई कमरेवर हात ठेवून माझ्याकडे बघत राहिल्या. "याला गरम होतंय," त्या म्हणाल्या. "बिचाऱ्याला श्वास पुरत नाहीये."

बिचाऱ्याला! मला कुणी बिचारा म्हटलेले आवडत नाही, पण त्या वेळी फार बरे वाटले.

शुक्रवारी त्यांनी दुरुस्तीवाल्यांना पुन्हा बोलावले आणि वही त्यांच्या पुढ्यात ठेवली. त्यांनी ती दोनदा वाचली. "वहिनी, एवढा व्यवस्थित रोगी मी पाहिला नव्हता," ते म्हणाले. मग त्यांनी वीज बंद केली, चित्रांचे कार्ड माझ्या छातीतून बाहेर काढले आणि त्याचे काळे झाकण उघडले. पंख्याखाली, उष्णता बाहेर टाकणाऱ्या धातूच्या पात्यांवर, एक मऊ, सपाट गादी बसली होती. कडा सरळ, जाडी सगळीकडे सारखी.

"मागच्या वेळी बॅटरीच्या उजेडात दिसली होती ही जाळी," दुरुस्तीवाले म्हणाले. "कंपनीनेच बसवलेली असते. धूळ अडवायला."

सूनबाईंनी ती गादी दोन बोटांत चिमटून पाहिली. जन्मभर कापड चाचपलेली बोटे ती. त्यांचा चेहरा बदलला.

"ही कंपनीची नाही हो. ही माझी आहे."

त्यांनी नखाने ती गादी उचकटली. ती थराथराने सुटत गेली. सगळ्यात खाली करडी धूळ होती, माझ्या कचेरीच्या दिवसांतली. तिच्यावर लाल थर.

"हे बँडवाल्यांचे कोट," सूनबाई म्हणाल्या. त्यावर गर्द हिरवा. "हे नाटकवाल्यांचे पडदे." मग निळा. "शाळेचे गणवेश. दोनशे शिवले होते." सगळ्यात वर पिवळी धमक लव होती.

"आणि हा माझा फ्रॉक!" टिटवी ओरडली.

ओव्हरलॉकमधून उडालेली कापडाची लव वर्षानुवर्षे माझ्या छातीत ओढली गेली होती आणि तिथे चक्क कापड तयार झाले होते. बाहेरून हवा मारली तेव्हा ते निघाले तर नाहीच, उलट आणखी घट्ट बसले. पंखा फिरत होता, पण वारा पात्यांपर्यंत पोचतच नव्हता. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरे काय!

दुरुस्तीवाल्यांनी कान पकडले. "इतकं नीटनेटकं होतं ना, मला वाटलं मुद्दामच बसवलंय."

"माझं काम नीटनेटकंच असतं," सूनबाई म्हणाल्या. पण त्यांना वाईट वाटले होते, ते मला कळले. शिवणयंत्र साफ करायच्या ब्रशने त्यांनी कार्डाचे एकेक पाते स्वतः झाडले. लहान मुलाचे कान साफ करावेत तसे.

दुरुस्तीवाल्यांनी कार्ड परत बसवले. मी सुरू झालो आणि पहिला गार वारा पात्यांमधून सळसळत गेला. अहाहा! इतकी वर्षे मी अर्ध्या श्वासावर जगत होतो आणि तेच माझे आयुष्य समजत होतो. सूनबाईंनी लगेच बस रिकामी चालवली. खिडकी बंद, इस्त्री चालू, पेटीचे झाकण लावलेले. एक तास झाला, दोन तास झाले. बस फाटकाशी उभी, इंजिन घुरघुरते आहे आणि मी मजेत आहे.

शनिवारी सकाळी व्यायामाच्या बाई आल्या. "येऊ नका" हा आजोबांचा निरोप सूनबाईंनी त्यांना कधी दिलाच नव्हता! आजोबांनी चाकावरची खोळ काढली, पण बसायला तयार होईनात.

"काय झालं?" बाईंनी विचारले.

"आजवर यंत्र बंद पडत होतं," आजोबा हळू आवाजात म्हणाले. "आता ते बंद पडायचं नाही. आता जे काय होईल ते माझंच."

हे खरे होते. मी बरा झालो होतो आणि त्यांच्यापुढे आता कसलाच आडोसा उरला नव्हता. सूनबाई सरळ बाकावर जाऊन बसल्या. बाई त्यांच्या शेजारी बसल्या. वायरमनला सुट्टी होती, तोही बसला. टिटवी पुढे झाली आणि म्हणाली, "ड्रायव्हरसाहेब, वेळ झाली. पाशिंजर खोळंबलेत."

आजोबा बसले. डावा हात उचलायला त्यांनी उजवा हात पुढे केला, मग मागे घेतला. डावा हात आपला आपण हळूहळू वर आला, टेबलाच्या कडेला अडखळला आणि चाकावर जाऊन बसला. बस सुटली.

सतरावा थांबा गेला, बाविसावा गेला. तिसावा थांबा आजोबांनी कधी पाहिलाच नव्हता. तिथे एक बाग होती, ती मी जीव ओतून रंगवली. बाकावर कुणी श्वास घेत नव्हते, मी मात्र पोटभर घेत होतो. सदतिसाव्या थांब्यापुढे एक अवघड वळण आले. उतार, अरुंद रस्ता आणि डावीकडे दिव्याचा खांब. आजोबांचा डावा हात दमला होता. तो चाकावरून घसरला, बस तिरकी गेली आणि खांबाला घासली. खर्रर्र! लांबलचक ओरखडा!

चौतीस वर्षांत पहिला ओरखडा. सगळे आजोबांच्या पाठीकडे बघत होते. ती पाठ हलायला लागली. टिटवीला वाटले आजोबा रडताहेत. ती धावत पुढे गेली आणि पाहते तर काय, आजोबा खदखदून हसत होते.

"ही मात्र माझी हं!" ते म्हणाले. "ही शंभर टक्के माझी चूक! वळणाआधी वेग कमी करायला हवा होता. हात दमतो ना आता, तर आधीपासून सावरायचं. कळलं!" त्यांनी बस मागे घेतली, सरळ केली आणि डावा हात पुन्हा चाकावर ठेवला. पुढचे वळण त्यांनी असे अलगद घेतले की बाकावरच्या लोकांनी टाळ्या दिल्या. आपली चूक नेमकी कोणती हे कळलेल्या माणसाचा हात किती हलका होतो, हे मी त्या दिवशी पाहिले.

अडतीस. एकोणचाळीस. चाळीस. अडतिसाव्या थांब्यापासून टिटवी मोठ्याने मोजत होती. बेचाळिसाव्या थांब्यावर बस उभी राहिली, दारे उघडली आणि रंगवलेली माणसे खाली उतरली. एक तास सोळा मिनिटे. सहा मिनिटे उशीर झाला होता, पण कुणाची तक्रार नव्हती. बाईंनी आजोबांचा डावा हात हातात घेऊन बोटे तपासली. "गरम आहेत," त्या म्हणाल्या. "आणि मोकळी आहेत." वायरमन उठून बाहेर गेला आणि भंगारवाल्याला उद्या येऊ नका असे सांगून आला.

मित्रांनो, तुमच्याकडून मला दोनच गोष्टी हव्या आहेत. माझ्यासारखा कुणी तुमच्या घरात असेल तर अधूनमधून एखाद्या मोठ्या माणसाला बरोबर घ्या, वीज बंद करा आणि त्याची पेटी उघडून बघा. पंखा फिरतो आहे एवढे बघून समाधान मानू नका, वारा पोचतो आहे का तेही बघा. आणि दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा मोठी आहे. घरातले एखादे माणूस "माझंच चुकतं" म्हणत दारातल्या खुर्चीवर जाऊन बसले असेल, तर त्याची समजूत घालत बसू नका. त्याच्या शेजारी बसा, त्याचे हात मांडीखाली ठेवायला सांगा आणि बिघाड खरेच त्याच्यामुळे होतो का ते एकदा तपासा. तो कदाचित फुकटची शिक्षा भोगत असेल.

मला आता ओव्हरलॉकपासून दूर, एका उंच स्टुलावर जागा मिळाली आहे. दर पहिल्या रविवारी सूनबाई माझे कार्ड झाडतात आणि आजोबा डाव्या हाताने बॅटरी धरतात. परवा ते काम चालू असताना त्यांच्या हातातली बॅटरी जराही हलली नाही.